झारा कुठला

आमच्या धंद्यात माणसं नावानं लक्षात राहत नाहीत, गावानं राहतात. त्या ग्रुपमध्ये नाशिकचे बँकवाले काका होते, कोथरूडचा इंजिनिअर आणि त्याची बायको होती, कोल्हापूरच्या दोघी बहिणी होत्या आणि बार्शीच्या काकू होत्या. काकूंच्या गळ्यात तुळशीची माळ, नऊवारीवर लोकरीचं जाकीट आणि पायात नागोयाच्या भाच्यानं घेऊन दिलेले पांढरेशुभ्र बूट. बाकीचे धरून एकूण १४. आकडा आधीच सांगते, कारण माझं कंपनीशी भांडण त्या आकड्यावरूनच आहे.

मी जपानमधल्या ओसाकात अकरा वर्षं राहते. आले भाषा शिकायला, मग काही वर्षं भाषांतरं केली. २०१८ मध्ये कायदा बदलला आणि परवान्याशिवायही पैसे घेऊन गाइडचं काम करता येऊ लागलं, तेव्हापासून मराठी-हिंदी ग्रुप घेते. एका टूर कंपनीनं इथे अर्ध्या दिवसाची पायपीट काढली आहे. आबेनो हारुकास या उंच इमारतीच्या चकचकाटापासून सुरुवात, मग शिन्सेकाईचा जुना बाजार, मग रेल्वेच्या पुलाखालून कामागासाकी, म्हणजे रोजंदारीवरच्या मजुरांची वस्ती. सगळं मिळून अंतर फार तर दोन-अडीच किलोमीटर. मी एकच अट घातली होती, कामागासाकीत आठाच्या वर माणसं नेणार नाही. 'हो, हो' म्हणाले. त्यानंतर एकदाही बाराच्या खाली ग्रुप आलेला नाही. पत्रक लिहिणाऱ्याला गल्लीची रुंदी कोण सांगणार?

लोकांना वाटतं गाइड म्हणजे इतिहास. गाइड म्हणजे शौचालयं, डोकी मोजणं आणि दाशी. दाशी हे इथल्या स्वयंपाकाचं मूळ पाणी. वाळवलेल्या माशाचा कीस, त्याला कात्सुओबुशी म्हणतात, तो घालून ते काढतात, नाहीतर कोम्बू नावाच्या समुद्रशेवाळाचं. सूपमध्ये दाशी, मिसोत, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनच्या लगद्यात, दाशी, नुसत्या उकडलेल्या पालकावरही दाशी. 'मांस नको' म्हणून सांगितलं की स्वयंपाकी अगदी प्रामाणिकपणे मांस काढतो आणि माशाचं पाणी ठेवतो. त्याच्या लेखी पाणी म्हणजे मांस नव्हे. यात त्याची लबाडी नसते. आपल्याकडे कुणी 'गोड नको' म्हणालं तर आमटीतला गूळ काढतो का आपण?

तर शाकाहाराच्या बाबतीत माझ्यासारखी कटकटी बाई ओसाकात दुसरी नसेल, हे मी जरा मिरवतेच. शिन्सेकाईत सगळ्यांना कुशिकात्सु खायचं असतं. बांबूच्या काडीला टोचलेले तुकडे पिठात घोळवून तळायचे, की झालं कुशिकात्सु. आता यातली गोम बघा. पिठात बहुधा अंडं असतं. तेल म्हणून काही दुकानं गाईची चरबी वापरतात, आणि तीच त्यांची खासियत असते. सॉसच्या बाटलीमागचं बारीक जपानी वाचल्याशिवाय हात लावायचा नाही. मी आठवडाभर आधी फोन करते. एका दुकानदाराला पटवून वेगळी कढई, नुसतं वनस्पती तेल, बिनअंड्याचं पीठ, असं ठरवलेलं आहे. कमळकाकडी, वांगं, शीताके मशरूम आणि इथलं खास लाल आल्याचं लोणचं, एवढंच तळायचं. मीठ आणि लिंबू माझ्या पिशवीतून. हे जमवायला मला दीड वर्ष लागलं.

त्या दिवशी दुपारी दोनला हारुकासच्या सोळाव्या मजल्यावरच्या बागेत जमलो. ही बाग फुकट आहे, साठाव्या मजल्याला तिकीट पडतं. इमारत ३०० मीटर उंच, २०१४ साली पूर्ण उघडली तेव्हा देशातली सर्वांत उंच. नाशिकच्या काकांनी चौरस फुटाचा भाव विचारला. मी जमशेटजी टाटांची गोष्ट काढली. १८९३ मध्ये ते जपानला आले, इथल्या जहाज कंपनीशी बोलणी झाली आणि मुंबई ते कोबे अशी थेट बोट सुरू झाली. मुंबईचा कापूस या शहराच्या गिरण्यांत येऊ लागला, ओसाकाला 'पूर्वेचं मँचेस्टर' म्हणत. मराठी ग्रुपला इतिहास आवडतो, फक्त त्यात कुणीतरी मुंबईचं पाहिजे.

शिन्सेकाई म्हणजे 'नवं जग'. १९१२ साली हे नवं जग उभं केलं, पॅरिसच्या आयफेल टॉवरची नक्कल करून त्सुतेनकाकु मनोराही बांधला. १९४३ मध्ये तो आगीत सापडला, पुढे युद्धासाठी त्याचं लोखंड काढून नेलं. आत्ताचा मनोरा १९५६ चा. नवं जग आता चांगलंच म्हातारं झालंय आणि मला ते तसंच आवडतं. बिलिकेन नावाच्या हसऱ्या मूर्तीचे तळवे चोळले की नशीब उघडतं म्हणतात. मूळचा हा देव अमेरिकेतला. कोल्हापूरच्या बहिणींनी चोळले, इंजिनिअरनं व्हिडिओ काढला.

दुकानात भिंतीवर पाटी होती: सॉसमध्ये दुसऱ्यांदा बुडवायचं नाही. भांडं सगळ्यांचं एक असायचं, त्यावरून हा नियम. आता बऱ्याच ठिकाणी पिचकारीच्या बाटल्या आल्यात, पाटी तेवढी गमतीला राहिली आहे. मी अर्थ सांगितल्यावर बार्शीच्या काकू म्हणाल्या, "म्हणजे उष्टं चालत नाही. बरोबरच आहे की मग."

ताट आलं. काकू हात लावेनात. मी वेगळी कढई सांगितली, तेल सांगितलं, पीठ सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "कढई वेगळी, पण झारा कुठला?"

दीड वर्षात हा प्रश्न मला सुचला नव्हता. मी आत डोकावले. झारा एकच होता. काकूंनी फुकटचा कोबी लिंबू-मीठ लावून खाल्ला आणि पिशवीतली दशमी काढली. बाकीच्यांनी कमळकाकडी संपवली, पण माझं तोंड उतरायचं ते उतरलंच.

साडेचारला आम्ही रेल्वेचा पूल ओलांडला. पुलाखालून पलीकडे गेलं की निशिनारी वॉर्ड लागतो आणि शहराचा आवाज बदलतो. डब्याच्या थंड-गरम पेयांची यंत्रं तीच, किंमत निम्मी. कामागासाकी हे नाव नकाशावर नाही. १९६६ मध्ये सरकारनं 'आइरिन' असं गोंडस नाव ठेवलं, ते सरकारी कागदावरच जास्त चालतं. १९६१ च्या ऑगस्टमध्ये इथे एका म्हाताऱ्या मजुराला गाडीनं उडवलं, पोलिसांनी त्याला रस्त्यावर तसंच पडू दिलं, आणि वस्ती पेटली. १९७० च्या जागतिक प्रदर्शनासाठी देशभरातून एकटे पुरुष इथे आले. पहाटे मुकादम गाडी घेऊन यायचे, माणसं मोजून न्यायचे. झोपायला तीन चटया मावतील एवढी खोली. सरायीला जपानीत 'यादो' म्हणतात. यांनी तो शब्दच उलटा केला, 'दोया', म्हणजे माणसानं राहण्याजोगी सराय नव्हे ती. पूल आणि रस्ते बांधून ते पुरुष म्हातारे झाले. मजुरांचं मोठं केंद्र २०१९ साली बंद झालं. २०२२ पासून स्टेशनजवळ झगमगीत हॉटेल उभं आहे.

हे सगळं मी पुलाच्या अलीकडे सांगून टाकते. पलीकडे तोंड बंद आणि मोबाइल पिशवीत, हा माझा नियम. कोणाच्या दारात उभं राहून त्याच्याबद्दल बोलायचं नसतं.

त्रिकोणी बागेजवळ आलो. सान्काकु कोएन म्हणतात तिला. आत मोठं पातेलं लागलं होतं, ताकिदाशी चालू होती, म्हणजे भुकेल्यांना शिजवून वाढणं. रांग कुंपणापर्यंत आलेली. बोलाचालीचा आवाज नाही, ढकलाढकली नाही. आणि इंजिनिअरनं मोबाइल काढला.

"तोरुना!" रांगेतला एक माणूस ओरडला. काढू नकोस. मी कमरेत वाकून दोनदा माफी मागितली. इंजिनिअर मला मराठीत समजावू लागला की जागा सार्वजनिक आहे आणि चेहरे दिसतच नाहीत. मी त्याच्याकडून फोटो पुसून घेतला, रांगेतल्या त्या माणसाला पडदा दाखवला, पुन्हा वाकले. शिकलेल्या माणसाला 'नको' समजायला कायदा का लागतो, ते एकदा मला कळायचंय.

मग सवयीनं डोकी मोजली. तेरा.

पुन्हा मोजली. तेराच. पांढरे बूट दिसेनात. रेल्वे, रस्ता, पोलीस चौकी, काय काय डोक्यातून गेलं. आणि मग कोल्हापूरची धाकटी म्हणाली, "त्या बघा."

बागेच्या आतल्या कठड्यावर, दोन म्हाताऱ्यांच्या मधे काकू बसल्या होत्या. हातात प्लास्टिकचा वाडगा. तोही जवळजवळ रिकामा.

मी पळत गेले. "काकू, हे काय!"

"अगं, पंगत दिसली. उभी राहिले. या बाबानं मला पुढं घेतलं." शेजारच्या दात पडलेल्या बाबानं मान हलवली. "आपल्या पेजेसारखंच आहे बघ. गरम गरम."

पातेल्याशी गळ्यात टॉवेल गुंडाळलेली एक बाई डावानं वाढत होती. मी तिची माफी मागितली, या बाई पर्यटक आहेत, चुकून आल्या म्हणाले. ती डाव न थांबवता ओसाकाच्या बोलीत म्हणाली, "नारान्दारा एए नेन." रांगेत उभं राहिलं ना, मग झालं.

आणि मी, सवयीनंच, विचारलं. दाशी कशाची?

"कात्सुओ," ती म्हणाली. "आणि आज कुणीतरी चिकुवा आणून दिला, तोही घातलाय." चिकुवा म्हणजे माशाच्या लगद्याची नळी. बारीक चिरलेली.

परत आले तेव्हा काकू वाडगा बोटानं पुसून चाटत होत्या. "काय काय घालतात गं यात?"

"तांदूळ," मी म्हणाले. "मुळा, कोबी, मीठ."

एकही शब्द खोटा नव्हता.

पुलाकडे परत जाताना मी म्हणाले, "काकू, तिकडे माझा झारा चालला नाही, आणि इथे?" त्या थांबल्या. "तिकडं विकत होतं. विकत घेताना बघून घ्यावं. वारीत पंगतीला बसल्यावर कोण विचारतं, कुणी रांधलं म्हणून?" आणि पुढे चालू लागल्या. मी विचारलं होतं, हे त्यांना कुठे माहीत होतं? की माहीत होतं? जपानी त्यांना येत नव्हतं, पण माझं तोंड उतरलेलं त्यांनी त्या दिवशी आधीच एकदा पाहिलेलं होतं.

त्यांच्यामागे रांगेत अजून चाळीसेक माणसं असतील. शेवटच्याला मिळालं का, ते बघायला मी थांबले नाही. सहाची ट्रेन होती.

इंजिनिअरनं कंपनीकडे तक्रार केली, 'गरिबी दाखवायला पैसे घेता'. कंपनीनं मला लिहिलं की पुढच्या वेळी बागेचा भाग गाळा, पण 'दोन टोकांचं शहर' हे पत्रकात राहील. म्हणजे एक टोक गाळून दोन टोकं. फोटो काढणाऱ्याची तक्रार ऐकली गेली. जिचा काहीतरी हिशेब माझ्याकडे बाकी आहे, तिनं काहीच तक्रार केली नाही.

दोन महिन्यांनी काकूंचा मेसेज आला. ती पेज सांग, द्वादशीला करते. मी बराच विचार केला आणि कोम्बूची दाशी सांगितली. रात्रभर थंड पाण्यात भिजवायचा, मंद आचेवर ठेवायचा, उकळी फुटायच्या आत काढून घ्यायचा. त्यात वावगं काहीच नाही, ओसाकाचा स्वयंपाक कोम्बूवरच तर उभा आहे, पूर्वी उत्तरेच्या होक्काइदो बेटाहून जहाजं भरून यायचा. भाच्याला पाकीट पाठवायला सांगितलं.

काल उत्तर आलं. "केली. चांगली झाली, पण तिथली चव नाही आली. तुझं काहीतरी सांगायचं राहिलंय बघ." खाली हात जोडल्याची खूण.