वेगेवार्टचा रिपोर्ट

ऑस्ट्रियात इन्सब्रुकला असताना दरवर्षी मार्चमधे आमच्या आल्पेनफेराइनच्या, म्हणजे गिर्यारोहकांच्या संघटनेच्या, स्थानिक शाखेची (तिकडे सेक्शन म्हणतात) वार्षिक सभा असायची, आणि खरं सांगायचं तर पहिल्या वर्षी मी तिथे फुकट श्निट्झेल मिळतं असं कुणीतरी सांगितलं म्हणून गेलो होतो. मिळालं नाही. बिल ज्याचं त्याने भरायचं!

मेंबर झालो तेही काही डोंगरावरच्या प्रेमापोटी वगैरे नाही. हुट्टेत, म्हणजे डोंगरातली आपली धर्मशाळाच पण बिअर मिळणारी, तिथे मेंबरला मुक्काम स्वस्त पडतो आणि वर कुठे अडकलात तर हेलिकॉप्टरचा खर्च विम्यात निघतो, एवढाच हिशोब. लंडनचा अल्पाइन क्लब 1857 चा, त्यानंतर 1862 मधे व्हिएन्नात हा ऑस्ट्रियाचा फेराइन निघाला, म्हणजे जगातला दुसरा, हे सगळं नंतर कळलं, कारण अध्यक्ष दर सभेत ते सांगायचेच.

सभा गास्टहाउसच्या, म्हणजे गावातल्या खानावळीच्या, मागच्या हॉलमधे. आधी वर्षभरात गेलेल्यांची नावं, सगळे उभे. मग खजिनदार. ह्या बाबांनी एकदा वीस मिनिटं फक्त छताच्या दुरुस्तीवर घेतली होती, मागच्या टेबलावर लोक चक्क पत्ते खेळत होते. मग बिल्ले: 25 वर्षं, 40, 50, 60 वर्षं वर्गणी भरलेल्यांना एडेलवाइस फुलाचा बिल्ला. साठवाल्या आजी काठी टेकत पुढे यायच्या, बिल्ला कोटाला लावताना अध्यक्षांचे हात थरथरायचे आणि आजींचे नाही.

एक वर्ष मात्र वेगळं गेलं. 2012 ला फेराइनची 150 वर्षं झाली, तेव्हा एका निवृत्त मास्तरांनी उठून 1924 चा विषय काढला. व्हिएन्नात ज्यू मेंबरांना बाहेर ठेवायला लागले म्हणून त्यांनी 1921 मधे डोनाउलांड नावाचं स्वतःचं सेक्शन काढलं होतं, तर 1924 मधे त्या अख्ख्या सेक्शनलाच संघटनेतून काढून टाकलं. नाझी यायच्या कितीतरी आधी. पत्ते थांबले. बँडवाले दारात वाद्यं घेऊन उभे होते त्यांनाही कुणी आत बोलवलं नाही बराच वेळ.

जूनमधे हेर्त्स-येझूची, म्हणजे येशूच्या पवित्र हृदयाच्या सणाची, आग. 1796 मधे फ्रेंच सैन्य चालून येत होतं तेव्हा टिरोलवाल्यांनी (इन्सब्रुक ह्याच प्रांतातलं) नवस बोलला, तेव्हापासूनची ही परंपरा, म्हणून अजून सणाच्या रविवारी अंधार पडला की डोंगरांच्या धारेवर आगी पेटतात. आम्ही दुपारीच लाकडं वाहून न्यायचो. आणि वर गेलं की गंमत, 1000 मीटरच्या वर सगळे एकमेकांना डू (तू) म्हणतात, म्हणजे खाली सभेत ज्यांना हेर डोक्टर आणि अहो-जाहो, त्यांनाच वर अरे ए ती काडेपेटी दे. आपल्याकडे सिंहगडावर पिठलं-भाकरी खाताना बॉसला अरे म्हणून बघा!

पण मला सभेतला सगळ्यात आवडता रिपोर्ट वेगेवार्टचा, म्हणजे वाटा सांभाळणारा माणूस. देशभर फेराइनच्या वाटा साधारण 26 हजार किलोमीटर, आणि त्या सांभाळणारे बहुतेक असे बिनपगारी. आमचे हे वेगेवार्ट पेशाने सुतार. ते उभे राहून एवढंच वाचायचे: इतके डबे रंग, इतक्या पाट्या वाऱ्याने मोडल्या, अमुक ओढ्यावरचा पूल वाहून गेला, धन्यवाद. नखांच्या कडेला लाल रंग सभेच्या दिवशीही असायचाच.

तिसऱ्या वर्षी मीही त्यांच्याबरोबर रंगवायला गेलो. दगड आधी तारेच्या ब्रशने घासायचा, शेवाळ गेलं पाहिजे, नाहीतर पुढच्या हिवाळ्यात पापुद्रा निघतो, मग लाल-पांढरा-लाल असे आडवे पट्टे. मी घाई केली, पांढरा ओला असतानाच खालचा लाल मारला, सगळा गुलाबी ओघळ. पुढच्या मार्चला रिपोर्टमधे वाक्य आलं, "तिसऱ्या वळणावर यंदा हिमालयीन पद्धतीची खूण आहे." हॉल खदखदला. पुढे ते वाक्य दरवर्षी यायला लागलं, इतकं की आलं नाही तर लोक मागणी करायचे.

भारतात परत यायच्या आधीची शेवटची सभा. वेगेवार्ट उठले, चष्मा लावला, डबे किती, पाट्या किती, आणि मग म्हणाले, वरच्या वाटेवरच्या सगळ्या खुणा ह्या वर्षी नव्याने रंगवून झाल्या. एक सोडून.