‘माइंड’ करू नका, पण...

परवा मी जिन्यात उभं राहून एका ऐंशी वर्षांच्या बाईंच्या लाडक्या ट्रामला नावं ठेवली. मुद्दाम नाही हो, एका क्रियापदाने घात केला.

आम्ही ग्लासगोत पार्टिक भागात राहतो, लाल दगडाच्या जुन्या टेनेमेंटमध्ये. म्हणजे चाळच समजा, फक्त गॅलरी नाही आणि सामाईक जिन्याला ‘क्लोज’ म्हणतात. पूर्वी जिना धुवायची पाळी असायची, ज्याची पाळी त्याच्या दाराला पाटी अडकवायचे, त्यावरून भांडणंही व्हायची म्हणे, ते ऐकून मला अगदी घरी आल्यासारखं वाटलं होतं. तर तळमजल्यावरच्या आजी (मनात आजीच म्हणते, तोंडावर मात्र नावाने हाक मारावी लागते, चार वर्षं झाली तरी जीभ अडखळते) डम्बार्टन रोडवरच्या ट्रॅफिकबद्दल काहीतरी बोलत होत्या आणि मधेच म्हणाल्या, ‘आय माइंड द ट्राम्स.’

मला वाटलं बाईंना ट्रामचा त्रास व्हायचा. मी लगेच सुरू, हो ना, केवढा खडखडाट होत असेल दिवसभर, झोप कशी लागायची तुम्हाला, बरं झालं बंद केल्या ते. त्या माझ्याकडे बघतच राहिल्या. मग हसल्या आणि आत जाऊन बिस्किटाच्या पत्र्याच्या डब्यातून एक तांब्याचं नाणं घेऊन आल्या. पेनी होती, पण चपटी, पानासारखी पातळ आणि लांबट, राणीचा चेहरा पुसून गेलेला. सप्टेंबर १९६२ मध्ये ग्लासगोची ट्राम कायमची बंद झाली तेव्हा लोकांनी आठवण म्हणून रुळांवर पेन्या ठेवल्या होत्या, त्यातली ही एक. शेवटचा रूट नऊ नंबरचा, डालम्यूअर वेस्ट ते ऑखेनशुगल, आमच्याच रस्त्यावरून जायचा. निरोपाच्या मिरवणुकीला भर पावसात अडीच लाख लोक रस्त्यावर होते. ‘आय माइंड इट फाइन,’ आजी म्हणाल्या.

म्हणजे, मला चांगलं आठवतंय.

इथे स्कॉटलंडमध्ये माइंड म्हणजे आठवणे! चार वर्षांत हे मला कोणी सांगितलं नाही, किंवा सांगितलं असेल आणि मी ‘नो नो, आय डोन्ट माइंड’ म्हणून मोकळी झाले असेन. आजोबा गिरगावात राहायचे, तेही असेच ट्रामबद्दल बोलत बसायचे (मुंबईची ३१ मार्च १९६४ ला गेली, त्यांना तारीख पाठ होती), पण त्यांच्या ट्रामला मी कधी नावं ठेवली नव्हती.

घरी येऊन डिक्शनरी काढली, तर आठवणे हाच जुना अर्थ निघाला. जुन्या इंग्रजीत ‘गेमिंद’ म्हणजे स्मरण. तिथून लक्षात ठेवणे, मग लक्ष देणे, मग सांभाळणे, आणि मनाला लागणे, हरकत असणे हे बरंच नंतरचं, साधारण १६०० च्या आसपासचं. बाकीच्या इंग्रजीत आठवणीचा अर्थ ‘रिमाइंड’मध्ये आणि ‘कीप इन माइंड’मध्ये उरला, इथे स्कॉटलंडमध्ये अजून रोज वापरात आहे. म्हणजे ज्या बोलीला लंडनवाले हसतात तिने जुना माल जपलाय. वऱ्हाडी-मालवणीवाल्यांना हे वेगळं सांगायला नको.

आणि हो, मनावरून माइंड आला असा फॉरवर्ड तुमच्या ग्रुपवर येईलच, तो पुढे पाठवू नका. नातं खरं आहे पण मायलेकीचं नाही, चुलत बहिणींचं आहे. दोन्हीकडे मूळ एकच, विचार करणे या अर्थाचं, त्यातून इकडे मन, मत, मंत्र, मानणे आणि तिकडे माइंड, मेंटल. त्यातही माइंडची अगदी जवळची बहीण म्हणजे आपली ‘मति’. संस्कृत, ग्रीक, लॅटिन एकाच मुळातून निघाल्या असाव्यात हे विल्यम जोन्स या ब्रिटिश न्यायाधीशाने कलकत्त्यात १७८६ मध्ये बोलून दाखवलं होतं. आता गंमत बघा, ‘वुड यू माइंड’ म्हणजे एक प्रकारे अनुमतीच मागणं, आणि अनुमतीमध्ये तीच मति बसलीये.

पण या ‘वुड यू माइंड’वर माझा खरा राग आहे, आज तो काढतेच.

ऑफिसात मीटिंगमध्ये मॅनेजर म्हणते, ‘वुड यू माइंड शेअरिंग युअर स्क्रीन?’ मी उत्साहाने म्हणते ‘येस येस!’ आणि दोन सेकंद शांतता. कारण व्याकरणाने मी ‘हो, माझी हरकत आहे’ असं सांगितलेलं असतं. मग कोणीतरी खाकरतं, मी गडबडीने ‘नो नो, आय मीन, शुअर’ करते, तोवर स्क्रीनऐवजी माझं तोंडच सगळ्यांना शेअर झालेलं असतं. हे एकदा नाही, निदान दहा वेळा झालंय. बरं, मी मुद्दाम कान देऊन ऐकलं तर इथले जन्मापासूनचे इंग्रजीवालेही बिनदिक्कत ‘येह, शुअर’ म्हणतात आणि कोणाला काही वाटत नाही, सुरावरून कळतं म्हणे. मग माझा सूर काय वेगळा आहे का? आमच्या तोंडून आलं की चूक आणि यांच्या तोंडून आलं की बोलण्याची ढब. मदत करायला निघालेल्या माणसाने ‘नो’ म्हणायचं ही कुठली रीत, माझं ‘येस’ जास्त सरळ आहे असं माझं ठाम मत आहे. (आपल्याकडेही ‘हरकत नाही ना?’ला ‘नाही नाही’च म्हणतात, माहितीये. ते वेगळं. का वेगळं ते विचारू नका.)

आणि आपण ‘माइंड करू नकोस हं’ म्हणतो त्याला कॉन्व्हेंटवाले हसतात ना, ‘मनावर घेऊ नकोस’चं सरळ रूप आहे ते, त्यात हसण्यासारखं काय आहे. उलट आपलं ‘मनावर घेणं’ दोन्हीकडून चालतं, रुसायलाही आणि कामाला लागायलाही.

सांभाळण्याचा अर्थ मात्र मी लेकीमुळे शिकले. ती चाइल्डमाइंडरकडे जाते, म्हणजे घरी मुलं सांभाळणारी बाई, पण रीतसर रजिस्टर्ड, तिच्या घराची तपासणी होते, आणि शाळेत न जाणारी तीनपेक्षा जास्त मुलं तिला ठेवता येत नाहीत. मी डोंबिवलीत ज्या काकूंकडे वाढले तिथे आम्ही बारा जण होतो आणि तपासणी फक्त काकूंची सासू करायची. आमचं काही वाईट झालं नाही असं मी नवऱ्याला सांगत असते, तो काही बोलत नाही. त्या काकू कोणाही एका पोराला ‘दुधाकडे बघ रे’ म्हणून ओट्याजवळ उभं करायच्या. ‘माइंड द मिल्क.’ शब्द माहीत नव्हता, काम येत होतं.

तर आजी गेल्या आठवड्यात मुलीकडे एअर नावाच्या गावाला गेल्या. किल्ली हातात देत म्हणाल्या, ‘यू’ल माइंड द प्लान्ट्स, इफ यू डोन्ट माइंड.’ एका वाक्यात दोनदा, दोन वेगळे अर्थ, आणि मी पहिल्यांदाच बरोबर उत्तर दिलं, ‘नॉट अ‍ॅट ऑल.’ जाता जाता परत वळून म्हणाल्या, ‘माइंड अँड लॉक द डोअर.’ म्हणजे आठवणीने. आई ‘पोचलीस की आठवणीने फोन कर’ म्हणते ना, अगदी तस्सं.

दार आठवणीने लावतेय. झाडांना मात्र रोज पाणी घातलं, आणि काल बघितलं तर खिडकीतल्या जिरेनियमची खालची पानं पिवळी पडलीत. आईला व्हिडिओ कॉलवर दाखवलं, ती म्हणाली, ‘अगं बुडवलंस की त्याला!’ आजी शनिवारी येतायत, आणि आता त्या नक्की माइंड करणार, आपल्या अर्थाने.