श्वासावर जुळवलेलं गाणं

डबा उघडताच व्हिनेगरचा भपकारा आला. आदल्या दिवशी आत ठेवलेली निळी चाचणीपट्टी हिरवट पडली होती, म्हणजे ॲसिटेट फिल्म आंबायला लागली होती. 1950च्या दशकातल्या तेलुगू चित्रपटाचं ते रीळ, पडद्यावर अभिनेत्री-गायिका पी. भानुमती. फिल्मच्या कडेच्या शंभर भोकांची लांबी 475 मिलिमीटर भरायला हवी, ती 471च भरली. इतकी आकसलेली फिल्म दातेरी चक्रावर घातली तर भोकं फाटू शकतात, म्हणून नुसत्या रोलरवर चालणाऱ्या स्कॅनरवर चढवली.

गाण्याच्या मधोमध जुना जोड होता, फिल्म तुटल्यावर चिकटवलेला. मात्रा 18 फ्रेमची आणि ताल दीड मात्रेनं तुटत होता. म्हणजे 27 फ्रेम गेल्या होत्या. 35 मिलिमीटरच्या प्रिंटवर आवाज चित्राच्या सुमारे 20 फ्रेम पुढे छापलेला असतो. त्यामुळे जोडापाशी आधी चित्र उडी मारतं, शब्द नंतर तुटतो. स्कॅननंतर दोन्ही वेगळे होतात. तेव्हा फक्त चित्रात काळ्या फ्रेम भरल्या, तर पुढचं अख्खं गाणं ओठांवरून निसटतं. भर दोन्हीकडे, आपापल्या जागी घालावी लागते.

पण बरोबर बसली की नाही, हे बघायचं कशावर? एरवी प, ब, म म्हणताना ओठ मिटतात, त्यावरून जुळणी बघतात; पण जोडानंतर लांब आलाप होता, तोंड उघडंच. उरला श्वास. एरवी श्वासावर अडतं, कारण गाणारी एक आणि ओठ हलवणारी दुसरी. दोघींचा श्वास क्वचितच एका जागी पडतो. भानुमतीबाई आपली गाणी स्वतः गात. गाणं वडिलांकडून शिकलेल्या, 1939 साली पडद्यावर आल्या, 1953 साली ‘चंडीराणी’ तीन भाषांत दिग्दर्शित केला, उतारवयात मद्रासच्या सरकारी संगीत महाविद्यालयाच्या प्राचार्या झाल्या. सेटवर त्या स्वतःच्याच ध्वनिमुद्रणावर ओठ हलवत होत्या, तरी श्वास खरा घेत होत्या. क्लोजअपमध्ये गळ्याची खळगी आत जाताना दिसते आणि नेमका तिथेच ध्वनिपट्टीवर बारीक श्वास ऐकू येतो. मी असे आठ श्वास तपासले. सात फ्रेमला फ्रेम जुळले. मिटलेल्या ओठांवर इतकी खात्री मला कधी मिळालेली नाही.

तुटलेला शब्द पुढच्या आवर्तनात परत येतो. तो उचलून चिकटवणं सोपं होतं. नाही चिकटवला, कारण दुसऱ्यांदा त्या तोच शब्द खालच्या स्वरावरून उचलतात, हरकतही वेगळी घेतात. 27 फ्रेमची शांतता तशीच ठेवली आणि नोंदवहीत जागा लिहिली. रीळ हवा खेळेल अशा नव्या डब्यात घालून थंड खोलीत, बाकीच्या रिळांपासून दूर ठेवलं. ही आम्लाची वाफ शेजारच्या फिल्मलाही लागते.