गाव घाबरायला हवं, आणि झोपायलाही

टेकडीखालच्या गावाभोवतीची दगडी भिंत अखेर पाडली. दिसायला झकास होती, पण तिच्यामुळे गाव आंधळं झालं होतं. माइनक्राफ्ट या ठोकळ्यांच्या व्हिडिओ गेममधला गावकरी (गेम स्वतः चालवतो ते पात्र) धोका ओळखतो तो डोळ्यांनी. मध्ये ठोस ब्लॉक, म्हणजे ठोकळा, आला की पलीकडचा झॉम्बी त्याच्या लेखी नसतोच. काच लावून उपयोग नाही. काचेतून आपल्याला दिसतं, गेममधल्या जिवांना नाही. झॉम्बीचं उलटं आहे. गावकरी हुडकायला त्याला नजर लागत नाही, भिंतीपलीकडचा गावकरीसुद्धा त्याला ३५ ब्लॉकांवरून कळतो. परिणाम असा की रात्रभर भिंतीला झॉम्बी चिकटलेले, आतले सगळे ढिम्म, आणि फाटक उघडायचं धाडस फक्त माझ्यावर.

नवीन आलेल्यांसाठी: हे जग गेमच्या जावा एडिशन या आवृत्तीचं आहे, मॉड (बाहेरून घातलेले बदल) नाहीत, डिफिकल्टी नॉर्मल. मी खाली खाणीत असताना गावानं आपलं आपण निभावून न्यावं, एवढंच उद्दिष्ट. बेडरॉक या दुसऱ्या आवृत्तीवाल्यांनी खालचे आकडे जसेच्या तसे घेऊ नयेत, तिथला कारभार वेगळा आहे.

भिंतीच्या जागी कुंपण

लाकडी कुंपणाची खरी उंची दीड ब्लॉक. गावकऱ्याचे डोळे १.६२ वर, झॉम्बीचे १.७४ वर. म्हणजे एका ओळीच्या कुंपणावरून दोघांची नजरानजर होते आणि उडी मात्र कुणालाच जमत नाही. एवढं साधं गणित आहे. फक्त कुंपणाला टेकून उभा राहिलेला गावकरी पलीकडून मार खातो, म्हणून दोन कुंपणं घातली, मध्ये चार ब्लॉकांची मोकळी पट्टी. बाहेरच्या कुंपणाशी आलेला झॉम्बी आतल्यांना दिसतो, पोचत नाही.

पिल्लू झॉम्बी या हिशोबात बसत नाही. तो इतका बुटका की कुंपणाआड दडतो. त्याचा वेगळा बंदोबस्त नंतर.

कोण कुणाला घाबरतं

घाबरणं सरसकट नाही, गेममधल्या शत्रूंची यादी ठरलेली आहे. झॉम्बी, हस्क, ड्राउन्ड, झॉम्बी व्हिलेजर आणि व्हेक्स ८ ब्लॉकांच्या आत दिसले की पळापळ. व्हिंडिकेटर आणि झॉग्लिनसाठी हे अंतर १०, इव्होकर, इल्युजनर आणि रॅव्हेजरसाठी १२, पिलेजरसाठी १५. पिलेजरचं अंतर सगळ्यांत मोठं, ते बरोबरच आहे, कारण त्याच्या हातात क्रॉसबो आहे.

यादीत क्रीपर (जवळ येऊन स्वतःचा स्फोट करणारा शत्रू) नाही. स्केलेटन नाही, कोळी नाही. क्रीपर शेजारून गेला तरी शेतकरी गाजरं उपटत राहतो. आयर्न गोलेम, म्हणजे गावाची राखण करणारा लोखंडी पुतळा, तोही क्रीपरवर हात उचलत नाही. म्हणजे क्रीपरच्या बाबतीत सगळं गाव एकमतानं बेफिकीर, आणि खड्डे बुजवायला मी. मांजरं पाळायचं खरं कारण हे. क्रीपर मांजरापासून लांब पळतो.

पळण्याची तऱ्हाही एकदा जवळून बघण्यासारखी आहे. ग्रंथपालासमोर मुद्दाम एक झॉम्बी सोडला आणि बाजूला उभा राहिलो. मला वाटत होतं तो घराकडे धावेल, दार उघडून आत जाईल. छे! घाबरलेल्या गावकऱ्याच्या डोक्यातून घर, काम, वाट सगळं पुसलं जातं. त्याला फक्त धोक्यापासून लांबचा एखादा ठिकाणा हवा असतो, मग तो गावाबाहेर का असेना. आमचे ग्रंथपाल स्वतःच्या उघड्या दारासमोरून वाऱ्यासारखे निघून गेले आणि कुंपणाच्या कोपऱ्यात जाऊन घुटमळत बसले. आतल्या कुंपणाचे काटकोन मोडून तिरपे करून घेतले ते त्यामुळे.

झोपेचं घर

आता खरी गंमत. भीतीचा फायदा गोलेममध्ये आहे. गावकरी घाबरलेला असेपर्यंत गेम दर ५ सेकंदांनी एक तपासणी करतो: याच्या आसपास १० ब्लॉकांत, याला धरून निदान तिघं असे आहेत का, जे गेल्या २० मिनिटांत झोपलेत आणि ज्यांना गेल्या ३० सेकंदांत गोलेमची चाहूल लागलेली नाही? असतील तर तिथंच जवळपास गोलेम उभा राहतो. घाबरलेलं कुणी नसेल तर गप्पांमधूनही गोलेम येतो, पण तेव्हा तिघं नाही, पाच जण लागतात.

अडचण लगेच लक्षात येईल. रात्रभर झॉम्बी डोळ्यांसमोर असेल तर कुणी झोपणार नाही, आणि झोप नाही तर गोलेम नाही. उलट घरं चारी बाजूंनी बंद केली तर सगळे गाढ झोपतात, कुणी घाबरत नाही, म्हणजे पुन्हा गोलेम नाही. भीती आणि झोप दोन्ही एकाच रात्रीत, एकाच खोलीत हवी.

लोक यासाठी झॉम्बीला झाकायला-उघडायला रेडस्टोन (गेममधली वीज) आणि पिस्टन (ब्लॉक ढकलणारा दट्ट्या) लावतात. मला त्या टकटकाटाचा कंटाळा आहे. एफ३ आणि बी एकत्र दाबून हिटबॉक्स (प्रत्येक जिवाभोवतीची चौकट) चालू केले, तेव्हा दुसरी वाट दिसली. डोळ्यांच्या पातळीवर लाल रेघ येते. उभ्या गावकऱ्याची रेघ बरीच वर. पण तोच गावकरी बेडवर आडवा झाला की त्याचा हिटबॉक्स चिमुकला ठोकळा होतो आणि रेघ गादीला जवळपास टेकते, खोलीच्या फरशीपासून एका ब्लॉकाच्या आतच.

मग रचना अशी केली. खोलीत तीन बेड शेजारी शेजारी. पायथ्याच्या भिंतीत, फरशीलगत, एक ब्लॉक उंचीचं भोक. तिथून पुढे चार ब्लॉक लांब, वरून आणि बाजूंनी बंद असं भुयार, आणि त्याच्या टोकाला एक बाय एकच्या कोठडीत झॉम्बी. कोठडीची जमीन खोलीपेक्षा एक ब्लॉक खाली, त्यामुळे झॉम्बीचं डोकं बरोबर भुयाराच्या तोंडाशी येतं आणि पायापुढे दगड असल्यानं त्याला हलता येत नाही. डोक्यावर छप्पर, नाहीतर सकाळी जळून जायचा. नेमटॅग लावला की तो नाहीसाही होत नाही. नाव ठेवलंय ‘जागल्या’.

रात्री काय होतं ते कोपऱ्यात उभं राहून पाहिलं. लोहार येतो, आडवा होतो. पाठ टेकली त्या क्षणी झोपेची नोंद होते, गाढ झोप लागावी लागत नाही. आडवं झाल्यावर डोळे भोकाच्या रेषेत येतात, समोर जागल्या, आणि लोहार ताडकन उठतो. उठून उभा राहिला की डोळे वर जातात, भोकातून काही दिसत नाही, थोड्या वेळानं भीती ओसरते आणि गडी परत अंथरुणात. पुन्हा जागल्या, पुन्हा उठणं. स्वतःचा स्वतःच उघडझाप करणारा पडदा, एकही रेडस्टोन न वापरता. घाबरण्याचा क्षण छोटा आणि तपासणी ५ सेकंदांतून एकदा, म्हणून गोलेम कधी पहिल्याच उठाबशीत येतो, कधी बराच वेळ लावतो. पण येतो.

गोलेम छपरावर उगवू नये म्हणून वर खालच्या बाजूचे स्लॅब (अर्ध्या उंचीचे ब्लॉक) टाकलेत.

आणि मला सगळ्यांत आवडलेली गोष्ट ही की हे यंत्र गोलेम मारून लोखंड काढायचं नाही. उभा असलेला गोलेम १६ ब्लॉकांच्या आत असला की गावकऱ्यांना तो जाणवतो, इथं भिंत आड येत नाही, आणि नवीन गोलेम बनत नाही. तो मेला की पुढच्या रात्री जागा भरली जाते. पहारेकऱ्याची बदली आपोआप होते.

गोलेमचं खूळ

अनपेक्षित प्रकार एकच. गोलेमला भिंतीपलीकडचा जागल्या कळतो आणि त्याला चेपायची त्याची इच्छा काही जात नाही. पोचता येत नाही, तरी तो कोठडीच्या अवतीभोवतीच रेंगाळतो. कोठडीभोवती दोन ब्लॉक जाडीचा दगड घातलाय, त्यामुळे जागल्या सुरक्षित. पण गावाच्या दुसऱ्या टोकाला गस्त शून्य. यावर उपाय शोधण्यापेक्षा मी झोपेचं घरच उचलून फाटकाशेजारी नेलं. जिथून झॉम्बी जास्त येतात तिथंच गोलेम आता ठाण मांडून असतो.

घंटा आणि रेड

घंटा वाजवली की ३२ ब्लॉकांतले गावकरी घराकडे धावतात आणि थोडा वेळ आत दडून बसतात. घराची आठवण त्यांना होते ती घंटेनं, झॉम्बी बघून नाही.  मी घंटा आधीच वाजवतो, झॉम्बी आत घुसल्यावर नाही.

ऑमिनस बॉटल पिऊन रेड, म्हणजे पिलेजर आणि त्यांच्या साथीदारांचा गावावरचा हल्ला, मुद्दाम ओढवून घेतली. १.२१ या आवृत्तीपासून गावात पाऊल टाकल्यावर ३० सेकंद मिळतात, तेवढ्यात फाटकं लावून झाली. गावकरी स्वतःच घंटेकडे धावून ती वाजवतात, हे बघायला मजा येते. घंटा वाजली की ४८ ब्लॉकांतले हल्लेखोर क्षणभर चमकतात, तेव्हा पिलेजर नेमके कुठल्या बाजूला आहेत ते समजलं. चालू रेडमध्ये गावकऱ्यांच्या डोक्याभोवती घामाचे थेंब उडतात. नसतील पाहिले तर जवळ जाऊन बघा. नॉर्मलवर पाच लाटा असतात. गोलेमनं पहिल्या लाटा उरकल्या, रॅव्हेजर आल्यावर तो पडला, बाकीचं काम मला धनुष्यानं करावं लागलं. एक कसाई गेला. शेवटी उरलेल्यांनी फटाके उडवले.

कुंपण रॅव्हेजरला थोपवतं, पिलेजरच्या बाणाला नाही. नजर मोकळी ठेवायची म्हणजे बाणालाही वाट मोकळी मिळते. पिलेजर साधारण ८ ब्लॉकांच्या आत आला की नेम धरतो, त्यामुळे फाटकाच्या बाजूला मधली पट्टी चारावरून दहा ब्लॉकांची करायला घेतलीय. तेवढ्या अंतरावरून आतल्यांना झॉम्बी धोका वाटणार नाही, पण पिलेजर वाटेल, आणि फाटकाशी तेच हवंय. पुढची नोंद डिफिकल्टी हार्डवर टाकून: तिथं झॉम्बी दारं फोडतात, त्यांनी मारलेला प्रत्येक गावकरी झॉम्बी होतो आणि रेडच्या लाटा सात. झॉम्बी झालेल्यांना परत गावकरी करायला विकनेसच्या स्प्लॅश बाटल्या आणि सोनेरी सफरचंदं साठवायला सुरुवात केलीय.