शत्रूच्या वहीतलं गाव

तुलूजहून निघताना भावजींनी एकच अट घातली होती. "किल्ला एकच. दुसरा दाखवलास तर मी गाडीतून उतरणार नाही." ताईच्या लग्नापासून माझ्या नादाने त्यांनी सह्याद्रीत बरीच पायपीट केली आहे, गुडघे अजून त्याची याद देतात. त्यामुळे अट रास्त होती. मी मान डोलावली. आमच्या वाटेवरच्या माँतायू या खेड्यातही किल्ल्याची एखादी भिंत उरली आहे, हे मात्र सांगितलं नाही. एका भिंतीला किल्ला कोण म्हणतं?

फ्रान्सच्या नैर्ऋत्येला, पिरेनीजच्या कुशीत आर्येज नावाचा जिल्हा आहे. फ्वा सोडलं की डोंगर दोन्ही बाजूंनी जवळ येतात, आणि लाव्हलानेच्या पुढे एका वळणावर माँसेग्यूर अचानक समोर येतो. समुद्रसपाटीपासून 1207 मीटर उंच, चुनखडीचा एकटा सुळका आणि त्याच्या डोक्यावर तटबंदीचा चिमुकला मुकुट. "अरे, हा तर आपल्याकडचाच!" ताई म्हणाली. खरंच, कातळाचा रंग सोडला तर नाशिककडच्या कुठल्याही डोंगररांगेत खपून गेला असता.

वर जायला अर्धा तास पुरतो. वाट झाडीतून नागमोडी जाते. मध्येच तिकीटघर लागतं आणि मग दगड सुरू होतात. आदल्या रात्री पाऊस झाला होता. हजारो बुटांनी घासून गुळगुळीत झालेला तो चुनखडीचा दगड आता साबणासारखा निसरडा झाला होता. भावजी मागून जे पुटपुटत होते ते इथे लिहिण्यासारखं नाही.

या भागात रस्त्याकडेच्या पाट्यांपासून वाइनच्या बाटल्यांपर्यंत सगळीकडे ‘कॅथार’ हा शब्द भेटतो, मध्ययुगातल्या एका ख्रिस्ती पंथाचं नाव. गंमत अशी की ज्यांना आपण कॅथार म्हणतो ते स्वतःला तसं म्हणवत नव्हते. ते स्वतःला ‘चांगले ख्रिस्ती’ म्हणत आणि लोक त्यांच्या साधूंना ‘भले लोक’ म्हणत. बारावं-तेरावं शतक म्हणजे इथे ऑक्सितान भाषेचा, त्रुबादूर कवींचा काळ. पॅरिसच्या राजाचं इथे फारसं चालत नव्हतं. या ‘भल्या लोकां’चं म्हणणं थोडक्यात असं: हे दिसणारं जग, हे शरीर चांगल्या देवाने घडवलेलंच नाही, ते दुष्ट शक्तीचं काम आहे. आत्मे वरून खाली पडले आणि देहांत अडकले. त्यामुळे चर्चच्या दगडी इमारती, लाकडी क्रूस, पाव आणि वाइनचा प्रसाद, सगळं फोल. त्यांचा संस्कार एकच, ‘कोन्सोलामेंत’. डोक्यावर ग्रंथ आणि हात ठेवून तो देत. तो घेतला की मांस, अंडी, दूध, चीज आणि संसार, सगळं वर्ज्य. मासे मात्र चालत, कारण ते समागमातून जन्मत नाहीत अशी समजूत होती. (आमच्या कोकणातल्या मावशीला हा पंथ मनापासून पटला असता.) हा संस्कार बायकांनाही मिळे. सामान्य श्रद्धाळू नेहमीसारखं जगत आणि मरणाच्या दारात तो मागून घेत.

त्यांचा पुनर्जन्मावरही विश्वास होता. मुक्ती मिळेपर्यंत आत्मा या देहातून त्या देहात धावतो, कधी जनावराच्याही. त्यांच्यात एक कथा सांगत. एक साधू मागच्या जन्मी घोडा होता. रात्री दोन दगडांच्या फटीत त्याचा नाल अडकून निखळला होता. या जन्मी त्याच वाटेने जाताना त्याने सोबत्याला ती जागा दाखवली, शोधलं तर नाल तिथेच! पिरेनीजमध्ये पुराणातली गोष्ट ऐकतोय असं वाटलं.

पोपला हे चालणार नव्हतं. 1208 च्या जानेवारीत त्याचा दूत पियेर द कास्तेलनो याचा खून झाला, पोप तिसऱ्या इनोसंटने या पंथाविरुद्ध धर्मयुद्ध पुकारलं आणि पुढच्या वर्षी 22 जुलैला बेझिए शहराची कत्तल झाली. ‘सगळ्यांना मारा, देव आपली माणसं ओळखून घेईल’ हे वाक्य प्रत्येक गाइड सांगतो. ते कित्येक वर्षांनी दूर जर्मनीतल्या एका मठवाश्याने लिहिलं आहे, त्यामुळे मी ते बाजूला ठेवते. मोहिमेचा प्रमुख आर्नो आमोरी याने पोपला स्वतः कळवलं की वय, लिंग न पाहता सुमारे वीस हजार माणसं कापली. आकडा फुगवलेला असेल. पण तो अभिमानाने फुगवलाय, हे जास्त भयंकर.

वीस वर्षं हे युद्ध चाललं. 1229 च्या तहानंतर तुलूजच्या काउंटने मान तुकवली. त्याच तहातल्या कलमांतून तुलूज विद्यापीठ निघालं, पाखंड खोडून काढणारे पंडित घडवायला. ताईच्या घराजवळून रोज त्याचे विद्यार्थी सायकलीवरून जातात. 1233 पासून डॉमिनिकन साधूंच्या हाती चौकशीचं काम आलं, तेच इन्क्विझिशन. आपल्याला हा शब्द ऐकला की गोवा आठवतो. गोव्यातलं 1560 साली आलं आणि त्यामागे पोर्तुगालचा राजा होता. इथलं पोपच्या आज्ञेने चालणारं होतं. नाव एक, पण चुलीवर तवे ठेवणारे हात वेगळे.

माँसेग्यूरच्या दारातून आत शिरले आणि पहिली निराशा झाली. आत काही नाही. एक लांबट रिकामं आवार, चारी बाजूंनी तट, एका टोकाला बुरूज आणि पाण्याचं टाकं. आणि हा तटसुद्धा ‘त्यांचा’ नाही! रेमाँ द पेरेय या सरदाराने 1204 च्या सुमारास पंथाच्या लोकांसाठी बांधून घेतलेला गड पडल्यानंतर पाडला गेला. आज दिसतो तो जिंकणाऱ्यांनी नंतर उभा केलेला. तिकीट काढून आपण कॅथारांचा म्हणून जो किल्ला पाहतो, तो त्यांच्या शत्रूंचा आहे. त्यांचं जे आहे ते तटाबाहेर, उत्तरेच्या कड्यावर. जेमतेम पाऊल मावेल अशा पायऱ्यापायऱ्यांच्या सपाट्या, त्यांवर घरांची जोती. शेपाचशे माणसं त्या कपारींत राहत होती. वाऱ्यात तिथे दहा मिनिटं उभं राहवेना.

1242 च्या मे महिन्यात इथल्या शिबंदीतले काही लोक खाली उतरले आणि आव्हिन्योने गावात मुक्कामाला असलेल्या इन्क्विझिशनच्या अधिकाऱ्यांना त्यांनी रात्री कापून काढलं. मग वेढा पडणारच होता. 1243 च्या मे महिन्यात तो पडला आणि हिवाळा ओलांडून चालला. शेवटी वेढा घालणाऱ्यांपैकी डोंगरात वाढलेल्या माणसांनी रात्री पूर्वेकडचा कडा चढून तिथली चौकी घेतली. (आपल्याकडे अशा रात्रीवर पोवाडे होतात. फक्त आपण चढणाऱ्यांच्या बाजूचे असतो.) 2 मार्च 1244 ला बोलणी झाली. शिपायांना माफी. जे आपला धर्म सोडतील त्यांनाही माफी. बाकीच्यांना आग. विचार करायला पंधरा दिवस.

त्या पंधरा दिवसांत जे घडलं ते मला सुटत नाही. 13 मार्चला वीसएक जणांनी नव्याने तो संस्कार घेतला. त्यांत शिपाई होते, गडाच्या धन्याची बायको कोर्बा आणि त्यांची मुलगी एस्क्लार्मोंद होती. यांतल्या बहुतेकांना नुसतं गप्प राहून घरी जाता आलं असतं. तीन दिवसांनी, 16 मार्चला, दोनशेहून जास्त माणसांना एकदम जाळलं.

पायथ्याशी ज्या कुरणात हे घडलं असं मानतात तिथे 1960 साली एक शिळा उभारली आहे. तिच्यावर ऑक्सितानमध्ये लिहिलंय: कॅथारांना, निर्मळ ख्रिस्ती प्रेमाच्या हुतात्म्यांना. शिळेपाशी कोणी रानफुलं ठेवली होती. ‘कॅथार’ हा शब्द तिथेही होताच.

माँतायूचा रस्ता सो पठारावरून जातो. उंच, उघडं माळरान आणि गायी. गाव म्हणजे उतारावर थोडी घरं आणि माथ्यावर किल्ल्याचा एक भग्न तुकडा. भावजींनी तो पाहिला, माझ्याकडे पाहिलं आणि खरोखरच गाडीत बसून राहिले.

या खेड्यात पाहायला जवळपास काहीच नाही, पण मध्ययुगातल्या युरोपातल्या इतक्या छोट्या गावाबद्दल क्वचितच इतकं माहीत असेल. श्रेय झाक फूर्निए या माणसाला. याच जिल्ह्यातला, साध्या घरातला. 1317 साली तो पामिएचा बिशप झाला आणि 1318 ते 1325 या काळात त्याने उरल्यासुरल्या पाखंड्यांची चौकशी चालवली. छळाची साधनं त्याने फारशी वापरली नाहीत. तो प्रश्न विचारायचा. पुन्हा विचारायचा. साक्षीदार ऑक्सितानमध्ये बोलत, कारकून टिपून घेत, मग त्याचं लॅटिन करून पक्क्या वहीत उतरवत. पाच माणसं त्याने जाळली, बाकीच्यांना तुरुंग किंवा कपड्यांवर पुढेमागे शिवलेले पिवळे क्रूस. पुढे 1334 साली तो पोप झाला आणि ती वही व्हॅटिकनमध्ये जाऊन राहिली.

त्यात काय नाही? उन्हात बसून एकमेकींच्या उवा काढताना आत्म्याबद्दल बोलणाऱ्या बायका. मेंढरं घेऊन स्पेनच्या बाजूला उतरणारा पियेर मोरी. पियेर क्लेर्ग, गावचा पाद्री, मनाने पाखंडी, इन्क्विझिशनशीही सूत जुळवून असलेला आणि बायकांच्या मागे लागणारा. त्याचा भाऊ बायल, म्हणजे आपल्या भाषेत पाटील. धर्म आणि सारा एकाच घरात, मग गावाने बोलायचं कोणाकडे?

पडक्या भिंतीच्या ओट्यावर बसून मी ताईला बेआत्रिस द प्लानिसोल सांगितली. ही इथल्या किल्लेदाराची विधवा, त्या पाद्र्याची एके काळची प्रेयसी. पळून जाताना पकडली तेव्हा तिच्या पिशवीतल्या वस्तूंची नोंद वहीत आहे. ती सगळी जादूटोण्याचा पुरावा म्हणून. त्यात नातवंडांच्या वाळलेल्या नाळा होत्या. बिशपने विचारलं, या कशाला? तिने सांगितलं, मुलीच्या मुलांच्या आहेत. एका बाईने सांगितलं होतं की या जवळ असल्या की कोर्टात दावा हरत नाही.

ताई थोडा वेळ काही बोलली नाही.

"माझी नाळ आईने चांदीच्या पेटीत घालून ठेवली होती," ती म्हणाली. "विसा मिळायच्या वेळी पर्समध्ये घालून दिली होती तिने. भावजींना सांगू नकोस."