हर्मिट क्रॅबची नवी टाकी: वाळूच्या खोलीवरून केलेली निवड

हर्मिट क्रॅब, म्हणजे रिकाम्या शंखात राहणारे खेकडे, यांच्यासाठी घेतलेल्या नव्या टाकीत वाळू भरून झाली असून तापमान आणि आर्द्रता यांचे आकडे स्थिर होण्याची वाट सध्या पाहत आहे. जुनी टाकी ५० सेंटिमीटर लांब, २५ रुंद आणि ३० उंच आहे. खेकडे लहान असताना ती पुरत होती. ते वाढले तशी त्यांना लागणारी वाळूची खोली त्या उंचीत बसेनाशी झाली. निवड करताना जो हिशेब केला तो येथे सविस्तर नोंदवीत आहे, कारण हर्मिट क्रॅब पाळणारे बहुतेक जण टाकी किती लिटरची घ्यावी येथून सुरुवात करतात आणि माझ्या मते तो आकडा सर्वांत शेवटी ठरतो. आधी वाळूची खोली ठरवावी, त्यावरून उंची, आणि मग लांबी-रुंदी.

जमिनीवर राहणारे हर्मिट क्रॅब कात टाकण्यासाठी ओल्या वाळूत स्वतःला पुरून घेतात. खाली गेल्यावर ते भोवतालची वाळू दाबून एक लहानशी पोकळी तयार करतात, तेथेच जुने कवच उतरवतात आणि नवे कवच कडक होईपर्यंत, उतरवलेले कवच खाऊन त्यातले कॅल्शियम परत मिळवीत, अंधारात पडून राहतात. लहान खेकड्याला यासाठी काही आठवडे लागतात, मोठ्याला दोन-तीन महिने किंवा त्याहूनही अधिक. या काळात अंग इतके मऊ असते की पोकळी ढासळली किंवा दुसऱ्या खेकड्याने ती उकरून काढली, तर जीव वाचणे कठीण असते. म्हणून वाळू निदान १५ सेंटिमीटर, किंवा सर्वांत मोठ्या खेकड्याच्या शंखासह उंचीच्या तिप्पट, यांपैकी जे जास्त असेल तितकी खोल असावी असा दंडक पाळला जातो. माझ्याकडील सर्वांत मोठा खेकडा शंखासह ६ सेंटिमीटर भरतो, त्यामुळे माझा आकडा १८ ठरला. ही खोली वाळू दाबून बसल्यानंतरची धरावी. भरताना ती दोन बोटे जास्तच भरावी लागते.

यानंतर दोन टाक्या समोर होत्या. पहिली ७५ × ३० × ३० सेंटिमीटरची, म्हणजे साडेसदुसष्ट लिटरची; दुसरी ६० × ३० × ४० ची, म्हणजे ७२ लिटरची. लिटरमध्ये पाहिले तर फरक नगण्य आहे, पण पहिल्या टाकीत १८ सेंटिमीटर वाळू भरली की वर फक्त १२ सेंटिमीटर मोकळी जागा उरते, आणि त्यात एखादे लाकूड तिरके ठेवले की खेकडा थेट झाकणाला टेकतो. दुसऱ्या टाकीत वर २२ सेंटिमीटर उरतात, तेथे चढायला लाकूडही बसते आणि पाण्याची भांडीही. मी दुसरी टाकी घेतली. तथापि ज्यांचे खेकडे लहान आहेत आणि ज्यांना १५ सेंटिमीटर वाळू पुरेशी आहे, त्यांनी पहिल्या टाकीचा जरूर विचार करावा, कारण तिच्या तळाचे क्षेत्रफळ २२५० चौरस सेंटिमीटर आहे, तर माझ्या टाकीचे १८००. एकाच वेळी दोन-तीन खेकडे वाळूखाली गेले तर त्यांना एकमेकांपासून दूर राहायला तेथे अधिक वाव मिळतो.

वजनाबद्दल अनेकांना धास्ती वाटते. माझ्या टाकीत ३२ लिटरपेक्षा थोडी जास्त ओली वाळू आहे, तिचे वजन पन्नास किलोच्या घरात जाते. हीच टाकी पाण्याने काठोकाठ भरली असती तर ७२ किलो झाली असती, त्यामुळे मत्स्यालय म्हणून बनवलेली काचेची टाकी आणि तिच्यासाठीचे स्टँड हे ओझे सहज पेलतात. मात्र वाळू भरल्यावर टाकी हलवता येत नाही, हे जागा ठरवतानाच लक्षात घ्यावे. जाळीचे पिंजरे आणि प्लॅस्टिकचे हवेशीर डबे मी विचारातच घेतले नाहीत. त्यांत ओल टिकत नाही, आणि हर्मिट क्रॅबच्या बाबतीत हा मुद्दा तेथेच संपतो.

वाळूचे मिश्रण पाच भाग बारीक धुतलेली वाळू आणि एक भाग कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) असे ठेवले आहे. कोकोपीट निवडताना त्यात खत मिसळलेले नाही याची खात्री करून घ्यावी. ओलावा तपासण्याची रीत अशी: मूठभर मिश्रण दाबावे, बोटांच्या फटींतून पाणी येता कामा नये, आणि मूठ उघडल्यावर गोळा न फुटता तळहातावर राहायला हवा. नंतर त्या गोळ्यात करंगळी खुपसून बाहेर काढावी. भोक तसेच राहिले तर खेकड्याचे बीळही राहील, कडा आत घसरल्या तर पाणी कमी आहे. खडे आणि रंगीत रेती या परीक्षेत नापास होतात, आणि कॅल्शियमयुक्त म्हणून मिळणारी वाळू भिजल्यावर दगडासारखी घट्ट होते. कोरडी वाळू टाकीत ओतून वरून पाणी घालण्यापेक्षा मिश्रण बादलीत कालवून थराथराने दाबत भरणे केव्हाही चांगले, कारण वरून घातलेले पाणी तळाशी जाऊन साचते.

तळाशी साचणारे पाणी हा खोल वाळूचा एकमेव खरा धोका आहे. काचेतून पाहिल्यास तळालगत गडद पट्टा दिसू लागतो. तो दिवसेंदिवस वर सरकू लागला तर खाली कात टाकत असलेला खेकडा बुडू शकतो, आणि हवा न मिळालेल्या त्या थराला कुजक्या अंड्यासारखा वास येतो. ओल राखण्यासाठी दिवसातून चार वेळा फवारे मारण्याची सवय याच कारणाने सोडावी. फवाऱ्याचे पाणी शेवटी वाळूतच मुरते.

आर्द्रता फवाऱ्यावर नव्हे तर झाकणावर अवलंबून असते. हर्मिट क्रॅब हवेत श्वास घेतो, पण कल्ल्यांनीच, आणि ते कल्ले ओले राहिले तरच काम करतात. कोरड्या हवेत तो हळूहळू गुदमरतो. ७५ ते ८५ टक्के सापेक्ष आर्द्रता हवी असेल तर जाळीचे झाकण चालत नाही. अ‍ॅक्रिलिकचा पत्रा एका बाजूने ओल शोषून काही आठवड्यांत वाकतो आणि कोपऱ्यांशी फट पडते, म्हणून मी काचेचे दोन तुकडे वापरले आहेत. पुढचा तुकडा सरकवून अन्न ठेवता येते आणि तेवढ्या उघडझापेत हवाही बदलते. मागच्या बाजूला वायर बाहेर काढण्यासाठी जी खाच आहे ती स्पंजाने घट्ट बुजवली आहे. खेकडे कोपऱ्यांतील सिलिकॉनच्या रेघेवरून आणि वायरीवरून चढतात व हलके झाकण उचलून बाहेर पडतात, यावर नवख्यांचा विश्वास बसत नाही, अनुभवींना सांगावे लागत नाही.

हायग्रोमीटर, म्हणजे आर्द्रता मोजण्याचे यंत्र, विकत घेतल्यावर लगेच त्याच्या आकड्यावर भरवसा ठेवू नये. बाटलीच्या झाकणात साधे मीठ घेऊन ते चिखलाइतके ओले करावे, विरघळू देऊ नये. ते झाकण आणि हायग्रोमीटर हवाबंद पिशवीत एकत्र ठेवून रात्रभर राहू द्यावे. ओल्या मिठाभोवतीची बंद हवा ७५ टक्क्यांवर स्थिरावते. माझे यंत्र त्या वेळी ७१ दाखवीत होते, म्हणून त्याच्या आकड्यात मी चार मिळवून वाचतो. ते वाळूपासून चार-पाच सेंटिमीटर उंचीवर चिकटवले आहे, कारण खेकडे तेथे असतात, झाकणापाशी नव्हे. काचेवर आतून जमणाऱ्या थेंबांना मात्र पुरावा मानू नये. काच थंड असली की हवा पुरेशी दमट नसतानाही थेंब जमतात.

तापमान २४ ते २८ अंश सेल्सिअस राखायचे आहे, आणि येथे उष्णता व ओल एकमेकांत गुंतलेली आहेत. २२ अंशांवर ८० टक्के आर्द्रता असलेली हवा, तीत पाण्याची भर न घालता २८ अंशांपर्यंत तापवली, तर आर्द्रता ५६ टक्क्यांच्या आसपास उतरते. म्हणून हीट मॅट (विजेवर तापणारी पातळ चटई) आणि पाण्याची भांडी यांचा विचार एकत्रच करावा लागतो. मॅट टाकीच्या मागच्या काचेवर बाहेरून, वाळूच्या पातळीच्या वर लावली आहे आणि तिच्यामागे उष्णतारोधक फोम बसवला आहे, जेणेकरून ऊब खोलीत न जाता टाकीत जाईल. मॅट तळाखाली लावण्याचा सल्ला काही ठिकाणी अजूनही दिला जातो, तो मला मुळीच पटत नाही. उकाडा झाला की खेकडा खाली खणत जातो. खालूनच तापवले तर त्याची पळवाट बंद होते, आणि कात टाकत असलेल्याला तर हलताही येत नाही. मॅट चालू-बंद करून तापमान राखणाऱ्या थर्मोस्टॅटचा संवेदक आतल्या बाजूला वाळूच्या किंचित वर ठेवला आहे.

पाण्याची भांडी दोन: एक गोड्या पाण्याचे, एक खाऱ्या पाण्याचे. खेकडे शंखात पाणी साठवतात आणि त्याचा खारेपणा दोन्ही भांड्यांत जाऊन आपापल्या गरजेप्रमाणे जुळवतात. खारे पाणी सागरी मत्स्यालयासाठीच्या मिठाचे, समुद्राइतके म्हणजे लिटरला सुमारे ३५ ग्रॅम खारटपणाचे असावे. स्वयंपाकाच्या मिठात समुद्राचे इतर क्षार नसतात. बाष्पीभवनाने पातळी उतरली तर भर गोड्या पाण्याची घालावी, कारण मीठ मागेच राहिलेले असते. दोन्ही पाण्यांतले क्लोरीन आधी काढून टाकणे आवश्यक आहे. क्लोरीन उघड्यावर ठेवल्याने उडून जाते, पण क्लोरामाइन (क्लोरीनचेच अधिक टिकाऊ संयुग) जात नाही, त्यामुळे ही दोन्ही निष्प्रभ करणारे वॉटर कंडिशनर वापरणे अधिक सुरक्षित ठरते. भांड्यांची खोली मोठ्या खेकड्याला पूर्ण बुडता येईल इतकी आहे, आणि बाहेर येण्यासाठी प्लॅस्टिकच्या जाळीचा उतार बसवला आहे. भरलेली भांडी नुसती वाळूवर ठेवली तर त्यांच्याखाली खणलेले बीळ त्या भाराने चेपते. म्हणून ती तळकाचेपासून उभारलेल्या पाइपच्या तुकड्यांवर टेकवली आहेत. या सबंध मांडणीत मला सर्वांत समाधान देणारी गोष्ट हीच आहे.

उरलेले थोडक्यात: चढण्यासाठी कॉर्कच्या सालीचे दोन तुकडे, देवदार किंवा पाइन नाही, दिवसाचे बारा तास साधा एलईडी प्रकाश, आणि प्रत्येक खेकड्यामागे निदान तीन रिकामे, न रंगवलेले शंख, सध्याच्या शंखापेक्षा किंचित मोठ्या तोंडाचे.

सकाळ-संध्याकाळचे आकडे आठवडाभर ठरलेल्या मर्यादेत राहिले की खेकडे हलवीन. त्यांपैकी एक सध्या जुन्या टाकीत वाळूखाली आहे. त्याला उकरून काढण्याचा प्रश्नच येत नाही, त्यामुळे तो आपणहून वर येईपर्यंत दोन्ही टाक्या चालू राहतील, आणि जुन्या टाकीतही दोन्ही पाणी व थोडे अन्न ठेवत राहीन.