दुग्धज्वर, ९६.८

तिसऱ्या वेताची एचएफ (होल्स्टीन फ्रिजियन) संकरित गाय, आदल्या दुपारी व्यायलेली. कालवड झाली, वार वेळेत पडली, संध्याकाळी कास पूर्ण मोकळी केली तेव्हा दहा लिटरच्या आसपास चीक निघाला. पहाटे पाचला फोन आला, "डॉक्टर, गाय बसलीय ती उठंनाच. मान पोटाकडं वळवून घेतलीय." एवढं ऐकलं की निदान जवळपास झालेलं असतं. गाडी काढता काढता मी सांगितलं, "मिल्क फिव्हर दिसतोय. पोत्यांचा टेकू देऊन बसती ठेवा, आडवी पडू देऊ नका. निघालोच." अंतर २२ किलोमीटर, रस्ता पावसाने उखडलेला, पाऊण तास.

गोठ्यात शिरलो तर गायीच्या अंगावर ओली पोती. शेजारी बिअरची रिकामी बाटली, तोंडाला गुळाचं पाणी चिकटलेलं. 'फिव्हर' म्हणजे ताप, एवढं ज्याला कळत होतं अशा एका शेजाऱ्याने जनावरांच्या तापाच्या गोळ्या गुळाच्या पाण्यात विरघळवून बाटलीने पाजल्या होत्या आणि अंग थंड ठेवायला पोती भिजवून टाकली होती. त्याच्या बाजूने पाहिलं तर त्याचं काहीच चुकलं नव्हतं. आजाराचं नाव मीच फोनवर सांगितलं होतं.

मी आधी कानाला हात लावला. कान बर्फासारखे. मग थर्मामीटर. पारा झटकून खाली आणायचा, बल्बला पॅराफिन लावायचं, दोरीचा चिमटा शेपटीच्या केसांना अडकवायचा आणि बल्ब गुदाशयाच्या भिंतीला टेकवून दोन मिनिटं धरायचं. घाईत तो शेणात खुपसला की आकडा खोटा येतो. निरोगी गायीचं तापमान १०१ ते १०२.५ फॅरनहाइट. हिचं आलं ९६.८. नाकपुडी कोरडी, बाहुल्या मोठ्या, रवंथ बंद, डाव्या कुशीला कान लावला तर पोट मुकं, हृदय जलद पण क्षीण. थर्मामीटर घालताना गुदद्वार आवळलं जातं, तेही झालं नाही.

दुग्धज्वरात ज्वर नसतो. चीक तयार करायला रक्तातलं कॅल्शियम कासेकडे ओढलं जातं. १० लिटर चिकात साधारण २३ ग्रॅम कॅल्शियम जातं आणि गायीच्या रक्तद्रवात एका वेळी असतं जेमतेम ३ ग्रॅम. बाकीचं हाडांतून आणि आतड्यांतून भरून यावं लागतं. ती यंत्रणा जागी व्हायला एक-दोन दिवस लागले की रक्तातली पातळी कोसळते, आणि कॅल्शियमशिवाय स्नायू चालत नाहीत. पाय चालत नाहीत, पोट चालत नाही, घसा चालत नाही. स्नायू थंडावले, पोटातलं आंबणं मंदावलं, की अंगातली उष्णताही उतरते. अगदी सुरुवातीला, गाय थरथरत उभी असते तेव्हा, तापमान नेहमीइतकं किंवा किंचित जास्त सापडू शकतं. उन्हात पडून राहिलेली असेल तरीही आकडा फसवतो. पण रात्रभर गोठ्यात बसलेली गाय गारच असते.

नावाची ही चूक आपली नाही, आपण ती भाषांतर करून घेतली. इंग्रजीत पडलेलं नाव मराठी पुस्तकात दुग्धज्वर झालं आणि कोणाला त्यात खटकलं नाही. १८९७ मध्ये डेन्मार्कच्या श्मिट या पशुवैद्याला वाटलं की कासेत विष तयार होतं; त्याने कासेत पोटॅशियम आयोडाइडचं द्रावण सोडलं आणि मरणाऱ्या गायी उठू लागल्या. मग नुसती हवा भरूनही उठतात असं दिसलं. कासेत दाब वाढला की दूध तयार होणं थांबतं आणि कॅल्शियमची गळती थांबते, हे कारण. रक्तात कॅल्शियम कमी पडतं हे कारण स्कॉटलंडमध्ये ड्रायर आणि ग्रेग यांनी १९२५ मध्ये मांडलं. म्हणजे शंभर वर्षं झाली कारण कळून, नाव तेच. माणसांच्या वैद्यकातही हा घोळ आहे. परागज्वरात शिंका येतात, ताप नाही. विषमज्वर हा शब्द आयुर्वेदात आलटून पालटून येणाऱ्या तापासाठी आहे, ज्यात आजचे लोक हिवताप पाहतात. शाळेच्या पुस्तकात तोच शब्द टायफॉइडला दिला. शेतकऱ्याने ठेवलेली नावं यापेक्षा कितीतरी नेमकी असतात. तिवा म्हटलं की तीन दिवसांचा ताप, अंग आखडणं, लंगडणं, सगळं आलं. गोचीडतापात तर कारणच नावात बसलंय. दुग्धज्वर मात्र कोणत्याही गोठ्यात जन्मलेला शब्द नाही.

उपचार सोपा आहे आणि घाई केली तर जीवघेणा. कॅल्शियम बोरोग्लुकोनेटची ४५० मिलीची बाटली, तीत साधारण ८ ते ९ ग्रॅम कॅल्शियम. बाटली गरम पाण्याच्या बादलीत ठेवून अंगाच्या उष्णतेला आणायची. मानेच्या शिरेत १४ गेजची सुई, बाटली गायीच्या पाठीपेक्षा फार उंच धरायची नाही, आणि एका हातात स्टेथोस्कोप. १५ ते २० मिनिटांपेक्षा लवकर संपवायची नाही. ठोके चुकायला लागले, एकदम मंद झाले, की नळी मुडपायची आणि थांबायचं. हृदयाला कॅल्शियम जास्त झालं तर गाय हातात मरते. पाच मिनिटांत बाटली रिकामी करून पुढच्या गोठ्यावर पळणारे मी पाहिलेत. त्यांच्या मेलेल्या गायींचा हिशोब कोणी ठेवत नाही, 'आजारच मोठा होता' म्हणून सोडून देतात.

अर्धी बाटली गेली तशी मांडीचे स्नायू थरथरायला लागले. मग ढेकर आली. नाकपुडीवर दव दिसलं. शेण टाकलं. वीस मिनिटांनी तिने मागचे पाय गोळा केले आणि उठली. हे मी शेकडो वेळा पाहिलंय आणि अजूनही नळी गुंडाळायचं विसरून बघत राहतो.

खिडकीत लिक्विड कॅल्शियमचा पाच लिटरचा रिकामा कॅन होता. भाकड काळाच्या, म्हणजे व्यायच्या आधी दूध बंद असतं त्या काळाच्या, शेवटच्या महिन्यात रोज पाजलेलं. चारा म्हणून भरपूर लसूणघास, त्यातही कॅल्शियमच. इथंच पाणी मुरतं. व्यायच्या आधी तीन आठवडे आयतं कॅल्शियम मिळत राहिलं की शरीर हाडांतून काढायची सवय सोडतं, आणि नेमकं व्यायल्यावर यंत्रणा झोपलेली सापडते. त्या काळात कॅल्शियम हात राखून द्यायचं, घास कमी करायचा, आणि व्यायच्या सुमारास मात्र कॅल्शियम जेल द्यायचं. औषधाच्या दुकानात हे कोणी सांगत नाही, तिथे कॅन विकायचा असतो.

निघताना मालकाला सगळं समजावलं. पुढचे दोन दिवस कास पूर्ण पिळायची नाही, कालवडीपुरता चीक काढायचा. चार गायींतली एक पुन्हा बसते, तसं झालं तर लगेच फोन. आणि ओल्या पोत्यांकडे बोट दाखवून ठासून सांगितलं, "या आजारात ताप नसतो. गाय गार पडते. उलटं करू नका." बाटलीने पाजलेलं फुप्फुसात गेलं असेल ही शंका मनात होती, कारण घसा लुळा असताना गिळता येत नाही. विचारलं, पाजताना खोकली का? "थोडीशी." छातीवर आवाज तेव्हा स्वच्छ होते. प्रतिजैविकाचं इंजेक्शन दिलं, दुसऱ्या दिवशी कळवा म्हटलं.

दुसऱ्या दिवशी फोन आला नाही. मी धरून चाललो की बरी आहे. तिसऱ्या दिवशी संध्याकाळी आला. गाय उभी होती, मान लांब केलेली, कोपरं बाहेर, धापा टाकत होती. नाकातून पिवळट, घाण वासाचा स्राव. थर्मामीटर १०५.२. छातीला खालच्या बाजूला कर्र आवाज. औषध फुप्फुसात जाऊन झालेला निमोनिया.

"काल का नाही सांगितलं?"

"काल कान गरम झाले होते, डॉक्टर. तुम्हीच म्हणालात ना, यात गार पडते, ताप नसतो. म्हटलं गरम व्हायला लागली, म्हणजे बरी व्हायला लागली."

याला मी काय उत्तर देणार होतो? पहाटे एका शब्दाने गाय भिजवली, आणि तो शब्द पुसायला मी वापरलेल्या वाक्याने तिचा एक दिवस गेला. वाक्य खरं होतं. 'यात ताप नसतो' याच्या पुढे 'आणि आता ताप आला तर तो दुसऱ्या आजाराचा' एवढं म्हणायचं राहून गेलं, आणि ते मला त्या क्षणी सुचलंच नाही, कारण माझ्या डोक्यात ते गृहीत होतं. सहा दिवस औषधं चालली. नवव्या दिवशी गाय गेली. कालवड दुसऱ्या गायीच्या दुधावर आहे.

तेव्हापासून फोनवर आजाराचं नाव घेत नाही. सांगतो, "कॅल्शियम उतरलंय. तोंडातून काही देऊ नका, पाणीसुद्धा नाही. कान धरून बघा, गार आहेत ना? अंगावर कोरडं पोतं टाका. बसती ठेवा." आणि गाय उठल्यावर मालकाचा हात तिच्या कानावर ठेवून दाखवतो, "हे एवढं कोमट. यापेक्षा कढत लागलं, धाप लागली, खोकली, तर त्याच तासाला फोन." नोंदवहीत रोगाच्या रकान्यात दुग्धज्वरच लिहावं लागतं. शेजारी तापमानाचा रकाना आहे, तो मी आता कधी रिकामा सोडत नाही.